ग्रँडमास्टर होण्यासाठी शाळा सोडावी का?

(साताऱ्याहून एका आईने पाठवलेल्या पत्राचा सारांश : मुलगा पंधरा वर्षांचा असून नववीत आहे. तो सहावीत बुद्धिबळ शिकू लागला आणि आज त्याचे आंतरराष्ट्रीय मानांकन (रेटिंग) १८६० आहे. ग्रँडमास्टर होण्यासाठी शाळा सोडून दहावीला १७ नंबरचा फॉर्म भरावा, असा त्याचा आग्रह आहे. गुकेशनेही शाळा सोडली होती, असा दाखला तो देतो. तीन वर्षांत किताब मिळवून देण्याची हमी देणाऱ्या एका ऑनलाइन प्रशिक्षकाचे माहितीपत्रकही घरी आले आहे. या खेळात करिअर आहे का, आणि फॉर्म भरावा का?)

सप्रेम नमस्कार.

आपण पत्रासोबत स्पर्धांची यादी जोडलीत, हे फार बरे केलेत, कारण माझे उत्तर बरेचसे त्या यादीवरच अवलंबून आहे. गेल्या वर्षभरात आपले चिरंजीव अकरा स्पर्धा खेळले. त्यांपैकी आठ कोल्हापूर, सांगली आणि पुणे येथील एका-दोन दिवसांच्या रॅपिड, म्हणजे कमी वेळेच्या डावांच्या, स्पर्धा आहेत. या स्पर्धांत चषक मिळतात, क्वचित रोख बक्षीसही मिळते. मात्र रॅपिडचे मानांकन वेगळे असते आणि ग्रँडमास्टर किताबासाठी क्लासिकल, म्हणजे काही तास चालणाऱ्या, डावांचीच कामगिरी धरली जाते. म्हणजे ज्या १८६० या आकड्यावर शाळा सोडण्याचा निर्णय उभा राहू पाहतो आहे, तो आकडा यंदा केवळ तीन क्लासिकल स्पर्धांतून घडला आहे. शिवाय अठरा वर्षांखालील आणि २३०० पेक्षा कमी मानांकनाच्या खेळाडूंना ४० हा गुणांक (एका डावाने मानांकन किती हलते ते ठरवणारा आकडा) लागू असल्याने एखाद्या चांगल्या स्पर्धेत शंभर गुण वाढतात आणि एखाद्या वाईट स्पर्धेत तितकेच जातात. हा आकडा अजून स्थिर झालेला नाही, एवढेच त्यावरून म्हणता येते.

किताबासाठी २५०० मानांकन आणि तीन नॉर्म लागतात. नॉर्म म्हणजे साधारणपणे नऊ फेऱ्यांच्या स्पर्धेत २६०० च्या तोडीची कामगिरी, आणि तीही किमान तीन ग्रँडमास्टर व वेगवेगळ्या देशांचे खेळाडू समोर असताना करावी लागते. असे प्रतिस्पर्धी पुरेशा संख्येने एकत्र मिळावेत म्हणून आपली मुले युरोपात जातात. गोव्याचा लिऑन मेंडोन्सा २०२० मध्ये करोनाच्या टाळेबंदीत वडिलांसह हंगेरीत अडकला, तेव्हा परतीची वाट पाहत न बसता तो तिथेच एकामागून एक स्पर्धा खेळत राहिला आणि वर्षअखेरीस इटलीत तिसरा नॉर्म पूर्ण करून चौदाव्या वर्षी ग्रँडमास्टर झाला. या यशामागे वडिलांचे घरापासून दूर काढलेले कित्येक महिने आहेत, हे पालकांनी विशेष लक्षात घ्यावे.

गुकेशचा दाखला खरा आहे, पण तो आपल्याला लागू पडत नाही. त्याने चौथीनंतर नियमित शाळा सोडली हे खरे. परंतु तो बारा वर्षे सात महिन्यांचा असताना ग्रँडमास्टर झाला होता, कान-नाक-घसा तज्ज्ञ असलेल्या वडिलांनी त्याच्यासोबत फिरण्यासाठी आपला व्यवसाय बाजूला ठेवला होता, आणि २०२४ मध्ये सिंगापूरला डिंग लिरेनला हरवून तो जगज्जेता झाला तेव्हा त्याचे वय अवघे अठरा होते. नागपूरच्या दिव्या देशमुखने २०२५ मध्ये बातुमी येथील महिला विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात कोनेरू हम्पीला टायब्रेकमध्ये (बरोबरीनंतरच्या जलद डावांत) नमवले आणि एकही नॉर्म हाती नसताना या विजेतेपदामुळे ती थेट ग्रँडमास्टर झाली. अशी उदाहरणे अभिमानाने सांगावीत, पण त्यांवर घरचा हिशेब मांडू नये.

आपल्या मुलाला मी दुसरी नावे वाचायला सांगेन. महाराष्ट्राचे पहिले ग्रँडमास्टर प्रवीण ठिपसे यांना हा किताब १९९७ मध्ये मिळाला, तेव्हा त्यांनी वयाची पस्तिशी ओलांडली होती. नाशिकचा विदित गुजराथी २०१३ मध्ये ग्रँडमास्टर झाला, आणि जगज्जेत्याचा आव्हानवीर ठरवणाऱ्या कँडिडेट्स स्पर्धेत पोहोचायला त्याला पुढची अकरा वर्षे लागली. कँडिडेट्सची पात्रता देणाऱ्या २०२३ च्या ग्रँड स्विस स्पर्धेत तो पहिलाच डाव हरला, आणि तरीही अकरा फेऱ्यांत साडेआठ गुण करून त्याने ती स्पर्धा जिंकली. टोरोंटोच्या कँडिडेट्समध्ये हिकारू नाकामुराला दोनदा हरवूनही तो आठ जणांत सहावा आला. मला स्वतःला या खेळातील कारकिर्दीचे हे चित्र अधिक प्रामाणिक वाटते.

आता उपजीविकेचा प्रश्न. भारतात ग्रँडमास्टरांची संख्या नव्वदीच्या घरात गेली आहे आणि केवळ बक्षिसांच्या रकमेवर संसार चालवणारे त्यांत मोजकेच आहेत. राष्ट्रीय पातळीवरील खेळाडूंना तेल कंपन्यांत नोकऱ्या मिळतात. हम्पी ओएनजीसीत आहे. पण प्रशिक्षण हा मला सर्वांत भरवशाचा मार्ग वाटतो. पुण्याचे अभिजित कुंटे २००० मध्ये ग्रँडमास्टर झाले, २००३ मध्ये त्यांनी ब्रिटिश अजिंक्यपद जिंकले, आणि २०२४ च्या बुडापेस्ट बुद्धिबळ ऑलिंपियाडमध्ये सुवर्णपदक मिळवणाऱ्या भारतीय महिला संघाचे ते कर्णधार होते. प्रज्ञानंदचे प्रशिक्षक आर. बी. रमेश यांनी इंडियन ऑइलमधील नोकरी सोडून हेच काम पत्करले. शिक्षण सुटले नाही तर वाट आणखी रुंद होते : केनेथ रोगॉफ हे ग्रँडमास्टर पुढे आंतरराष्ट्रीय नाणेनिधीचे मुख्य अर्थतज्ज्ञ झाले, आणि खुद्द विश्वनाथन आनंद यांनीही वाणिज्य शाखेची पदवी घेतली आहे.

तेव्हा माझे स्पष्ट मत असे, की १७ नंबरचा फॉर्म यंदा भरू नये. शाळेचा नियमित विद्यार्थी राहिला तर शालेय राज्य स्पर्धांचा मार्ग आणि त्यातून मिळणारे वाढीव क्रीडागुण त्याला खुले राहतील. रविवारच्या रॅपिड स्पर्धा मात्र निम्म्याने कमी कराव्यात आणि तो वेळ व पैसा दिवाळी व मे महिन्याच्या सुट्टीतील क्लासिकल स्पर्धांवर घालावा. अकरावीला हजेरीबाबत खेळाडूंना सवलत देणारे महाविद्यालय शोधावे. सतरा पूर्ण होईपर्यंत मानांकन २२०० च्या आसपास गेले, तर एक वर्ष पूर्णवेळ खेळण्याचा विचार जरूर करावा. तेव्हा मीच आपल्याला तसे सांगेन. ही माझी अनुभवाने ठरवलेली रेषा आहे, नियम नव्हे.

माहितीपत्रकातील हमीविषयी सांगायचे, तर किताबाची हमी कोणताही जबाबदार प्रशिक्षक देत नाही. त्यांच्याकडून पाच जुन्या विद्यार्थ्यांची नावे मागा. प्रत्येक खेळाडूच्या मानांकनाचा आलेख जागतिक बुद्धिबळ महासंघाच्या संकेतस्थळावर कोणालाही विनामूल्य पाहता येतो. शिकवणी सुरू झाली तेव्हाचा आकडा आणि दोन वर्षांनंतरचा आकडा मुलालाच शेजारी शेजारी लिहायला सांगा, आणि तोवर आगाऊ शुल्क भरू नका.

आपला विश्वासू,
करिअर मार्गदर्शक