१४व्या वर्षी सुरुवात करून व्यावसायिक स्की रेसर होता येतं का?

तुम्ही लिहिलंय की मुलगा १४ वर्षांचा आहे, मनालीला स्कीइंगचा कोर्स करून आलाय आणि आता रेसरच व्हायचं म्हणतोय. "हर्मन मायरसुद्धा आधी गवंडीच होता," हा त्याचा हुकमी मुद्दा. मायर म्हणजे ऑस्ट्रियाचा ऑलिंपिक विजेता स्की रेसर.

चिरंजीवांनी माहिती खरी काढलीय, पण अर्धीच. नोकरीमुळे मी सहा वर्षं ऑस्ट्रियात साल्झबुर्गला होतो. मायरचं फ्लाखाऊ गाव तिथून गाडीने तासाभराच्या आत. माझं स्की शिकणं, म्हणजे पडणं, तिकडचंच.

मायरला १५व्या वर्षी श्लाडमिंगच्या स्की शाळेने घरी धाडलं. अंगाने किरकोळ, त्यात गुडघ्याचं दुखणं. मग तो गवंडीकाम शिकला. ६ जानेवारी १९९६ला फ्लाखाऊत वर्ल्ड कपची (हिवाळाभर ठिकठिकाणी होणारी शर्यतींची मालिका) जायंट स्लॅलम, म्हणजे रोवलेल्या फाटकांमधून वळत उतरायची शर्यत, होती. शर्यतीआधी मार्ग नीट आहे ना हे बघायला काही जणांना खाली सोडतात, त्यांची वेळ निकालात धरत नाहीत. मायर त्यांच्यातला एक. पण त्याची वेळ धरली असती तर बारावा नंबर आला असता! पाच आठवड्यांत तो स्वतः वर्ल्ड कपमध्ये उतरला. वय २३. पुढे वर्ल्ड कपच्या ५४ शर्यती जिंकल्या आणि चार वेळा अख्ख्या हंगामाचं एकूण विजेतेपद.

आता राहिलेली अर्धी गोष्ट. त्याच्या वडिलांची स्की शाळा होती. उन्हाळ्यात विटा रचणारा हा गडी हिवाळाभर तिथेच शिकवायचा. म्हणजे त्याला संधी उशिरा मिळाली, पण बर्फ पाळण्यापासून होता. तिकडच्या उतारांवर चार-चार वर्षांची पोरं, हातात काठ्या नाहीत, शिक्षकाच्या मागे बदकाच्या पिल्लांसारखी रांगेत उतरतात. स्कीची पुढची टोकं जुळवून पिझ्झाच्या तुकड्यासारखा आकार करायचा, हा त्यांचा ब्रेक. मी कॉलरमधला बर्फ झटकत बसलेलो असताना अशी एक अख्खी रांग माझ्या बाजूने गेली. शेवटच्या पोराने मागे वळून माझ्याकडे बघितलं, ते बघणं मी अजून विसरलेलो नाही.

व्यवसाय म्हणाल तर गणित कठोर आहे. वर्ल्ड कपमध्ये पहिल्याला १०० गुण, दुसऱ्याला ८०, तिसऱ्याला ६०, असं उतरत तिसाव्याला १. एकतिसाव्याला भोपळा. स्लॅलम (फाटकं आणखी जवळजवळ) आणि जायंट स्लॅलममध्ये तर पहिल्या फेरीतले ३० जणच दुसरी फेरी धावतात. नवख्याला सुटायचा नंबर मागचा मिळतो, तोवर चाळीसेक जणांनी वळणावळणावर चऱ्या पाडलेल्या असतात. कमाईचं म्हणाल तर वरच्या मोजक्यांचं उत्तम चालतं. कपड्यांवर संघाचे प्रायोजक, हेल्मेटवरची जागा मात्र खेळाडूची स्वतःची. ती विकली गेली की घर चालतं. खाली घरचेच पैसे घालावे लागतात.

शिवाय शरीर. १९९८च्या नागानो ऑलिंपिकमध्ये मायर डाउनहिलला, म्हणजे सगळ्यांत वेगवान शर्यतीला, हवेत उडाला, जाळ्या तोडून पलीकडे पडला, उठून चालत आला आणि तीन दिवसांनी सुपर-जीचं (डाउनहिल आणि जायंट स्लॅलमच्या मधली शर्यत) सुवर्ण घेतलं. आणखी तीन दिवसांनी जायंट स्लॅलमचंही. ऑगस्ट २००१मध्ये मोटरसायकलच्या अपघातात पाय जाता जाता वाचला. जानेवारी २००३मध्ये परतला आणि त्याच महिन्यात ऑस्ट्रियातल्याच किट्झब्यूएलची सुपर-जी जिंकला. तिथली डाउनहिल ज्या वाटेने होते ती मी उन्हाळ्यात पायी बघितली. 'माउझेफाले', म्हणजे उंदराचा सापळा, नावाच्या जागी उतार ८५ टक्के, साधारण ४० अंश. हिरव्यागार गवतावरूनही मी बसून-बसूनच खाली आलो. टीव्हीवर हा उतार निम्माही वाटत नाही.

म्हणून मायरपेक्षा आपल्याकडची दोन नावं मुलाला दाखवा. गुलमर्गकडच्या आरिफ खानच्या वडिलांचं स्की सामानाचं दुकान. २०२२च्या बीजिंग हिवाळी ऑलिंपिकमध्ये भारताचा तो एकटाच खेळाडू, जायंट स्लॅलममध्ये ४५वा. पात्रतेसाठी त्याने लग्न पुढे ढकललं होतं. मनालीच्या आंचल ठाकूरने २०१८मध्ये तुर्कस्तानात स्लॅलमचं कांस्य मिळवलं, स्कीइंगमधलं भारताचं पहिलं आंतरराष्ट्रीय पदक. दोघंही डोंगरातच वाढलेली.

माझं मत स्पष्ट सांगतो : वर्ल्ड कपवर जगणारा रेसर होणं जवळपास अशक्य. भारताकडून स्पर्धेत उतरणं अवघड, पण अशक्य नाही, आणि त्यासाठी दर हिवाळ्यात निदान दोन-तीन महिने गुलमर्ग किंवा औलीला राहायची तयारी हवी. शाळेचं काय करायचं ते आधी ठरवा.

मनालीच्या कोर्समध्ये तो प्रत्यक्ष बर्फावर किती दिवस होता, आणि अजून पिझ्झाच करतोय की दोन्ही स्की समांतर ठेवून वळतो? तेवढं कळवा, मग पुढचं बोलू.