मुका सी आणि उपजीविका

विचारणा अशी आहे: व्ही-आय-सी-टी-यू-ए-एल-एस या इंग्रजी शब्दाचा उच्चार काय, आणि तो 'फूड'ऐवजी वापरता येईल का?

उच्चार 'व्हिटल्झ'. जुन्या इंग्रजी कथांचं अभिवाचन करणारे लोक छातीठोकपणे 'व्हिक्चुअल्स' म्हणतात, ते ऐकून कान किटले आहेत. अर्थ शिधा, अन्नसामग्री. ब्रिटनमध्ये दारूविक्रीचा परवाना असलेला पबमालक 'लायसन्स्ड व्हिटलर' म्हणवतो, तो याच शब्दावरून.

"सी लिहितात, तर मग बोलायला नको?" नको! शब्द जुन्या फ्रेंचमधून इंग्रजीत आला तेव्हा त्यात सी नव्हताच. लॅटिनवेड्या पंडितांनी पुढे मूळ लॅटिन रूप आठवून तो बसवला. कर्ज या अर्थाच्या 'डेट'मधला बी आणि 'रिसीट'मधला पी हीसुद्धा त्यांचीच कर्तबगारी. 'दुग्ध' लिहून 'दूध' वाचावं, तसा प्रकार. म्हणूनच उच्चाराबरहुकूम केलेल्या व्ही-आय-टी-टी-एल-ई-एस या साध्या स्पेलिंगवर 'बोलीतलं' असा शिक्का मारणारे कोशकार मला अन्यायी वाटतात. जुनं घराणं त्या साध्या स्पेलिंगचंच आहे.

'परफेक्ट'मधला सीसुद्धा मागाहूनच आला. चौदाव्या शतकातला इंग्रज कवी चॉसर 'पारफिट' लिहितो. पण तो सी लोक बोलू लागले. असं का? माझं मत ठाम आहे: 'परफेक्ट' पुस्तकातून शिकला गेला, 'व्हिटल्झ' खलाशांच्या आणि स्वयंपाक्यांच्या तोंडून. यावर 'इंडाइट'चा (म्हणजे आरोप ठेवणे) दाखला देतात, कोर्टातला शब्द असूनही सी मुका. पण आरोप वाचून दाखवले जात, म्हणजे तोही शब्द लोकांनी कानांनीच शिकला.

खरी गंमत मात्र त्या लॅटिन मुळात आहे. 'विक्टुस' म्हणजे जगण्याचं साधन, आणि ते 'विवेरे', म्हणजे जगणे, या क्रियापदापासून आलं. लॅटिन 'विवेरे' आणि संस्कृत 'जीव्' हे एकाच आदिम धातूचे वंशज. त्या धातूच्या आरंभीच्या ध्वनीचा लॅटिनमध्ये व झाला, संस्कृतात ज, ग्रीकमध्ये ब (तोच 'बायोलॉजी'तला 'बायो'), आणि इंग्रजीत क्व. म्हणजे आपली 'उपजीविका' आणि त्यांचे 'व्हिटल्झ' अगदी जवळचे भाऊबंद! इंग्रजी 'क्विक'ही त्याच कुळातला. त्याचा जुना अर्थ 'चपळ' नव्हे, 'जिवंत'. पाऱ्याला 'क्विकसिल्व्हर' म्हणतात ते त्याच अर्थाने.