ध्वनीने आकार घडवणारा नादसंघ : कादंबरीसाठी वैज्ञानिक आधार आहे का?

होय, आपल्या कादंबरीतील नादसंघाला केवळ ध्वनीच्या साहाय्याने पत्र्यावरील वाळूत रेखीव आकृती उमटवता येतील आणि त्यासाठी चमत्काराचा आधार घ्यावा लागणार नाही. अर्न्स्ट क्लाडनी या जर्मन शास्त्रज्ञाने १७८७ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात हा प्रयोग सविस्तर मांडला आहे: पितळी पत्रा मध्यभागी घट्ट आवळून त्यावर बारीक वाळू भुरभुरावी व कडेवरून व्हायोलिनचा गज उभा ओढावा, जेथे पत्रा थरथरतो तेथून वाळूचे कण उडत-सरकत निघतात आणि ज्या रेषांवर तो स्थिर असतो तेथे गोळा होतात. कडेला एका जागी बोट टेकवले की ती जागा स्थिर होते, सूर बदलतो आणि आकृतीही बदलते. कथेच्या दृष्टीने याहून रोचक भाग मायकेल फॅरेडे या इंग्रज शास्त्रज्ञाने १८३१ साली उलगडला: अगदी हलकी भुकटी घेतल्यास ती, पत्र्यालगतच्या हवेच्या प्रवाहांमुळे, नेमकी सर्वाधिक कंपनाच्या जागी साचते. एका संघातील दोन पंथांत वाद पेटवायला एवढे पुरेसे आहे. मात्र उमटणारी आकृती एकट्या ध्वनीची नसते. पत्र्याचा आकार, जाडी आणि तो कोठे धरला आहे यांवर ती तितकीच अवलंबून असते, म्हणून ‘ॐकाराच्या उच्चाराने श्रीयंत्र उमटते’ हा समाजमाध्यमांवर फिरणारा दावा संघाच्या तोंडी श्रद्धा म्हणून शोभेल, विज्ञान म्हणून नव्हे.