'जातिउद्भव' मधली जात कुठली?

खानापूरच्या एका ताईंनी विचारलंय, पोराच्या विज्ञानात 'जातिउद्भव' शब्द आलाय, पोरगा विचारालाय आई ह्यात कुठली जात, तर मी 'प्रजाती' सांगितलं तर चालतंय का?

चालतंय की ताई, आता बहुतेक ठिकाणी तेच म्हणतात. जातिउद्भव म्हणजे एका प्रजातीपासनं नवी प्रजाती तयार होणं. आणि आपल्या गावातल्या ज्या जाती त्या सगळ्या मिळून माणूस ही एकच प्रजाती, हे त्याला आधी सांगा. फक्त मराठी विश्वकोशासारखं जुनं लिखाण वाचताना जपून, तिथं 'प्रजाती' म्हणजे वरचा गट, वंश, आणि त्याच्या आतली ती 'जाती'. आंबोलीचा टोड आणि कोयनेचा टोड हे बेडूक एका वंशातले, पण आताच्या अर्थानं प्रजाती दोन, आंबोलीच्याला तर नाव २००९ साली मिळालं.

शेतात आपण 'भाताची जात' म्हणतो ते तिसरंच, ते वाण. इंद्रायणी ही आंबेमोहोर आणि आयआर-८ ह्या दोन वाणांच्या संकरातनं आली आणि आज शिवारात पेरली जाते, म्हणजे हे आपले वाण सगळे एकाच प्रजातीचे. उलट घोडा-गाढवाचं खेचर बघा, घोड्याची गुणसूत्रं (पेशीतले आनुवंशिक गुण वाहणारे धागे) ६४, गाढवाची ६२, खेचराची ६३, त्यांच्या जोड्या नीट लागत नाहीत म्हणून ते बहुतेक वांझच. ज्यांची आपसात पिल्लं होतात आणि पिढी पुढं चालते ती एक प्रजाती, अशी व्याख्या जीवशास्त्रज्ञ अर्न्स्ट मायरनं १९४२ मध्ये मांडली (सगळ्या जिवांना ती लागू पडत नाही, जिवाणूंना तर नाहीच).

मला खटकतो तो 'उद्भव'. त्यानं वाटतं काहीतरी एकदम जमिनीतनं वर आलं. खरं तर ते भाऊ वेगळं निघाल्यागत असतंय, मधी नदी नाहीतर डोंगर आला, येणंजाणं तुटलं, दोन्हीकडं हजारो पिढ्या आपापले बदल साठत गेले, काही निसर्गाच्या निवडीनं टिकले काही नुसते योगायोगानं, आणि पुढं कधी गाठ पडली तरी जोडी जमत नाही. आपली 'काय करालायस' वाली मराठी पुण्याहून एवढी वेगळी असून मराठीच राहिली, कारण सोयरिकी, बाजार, एसटी कधी थांबलं नाही, जिवांचंही तसंच, येणंजाणं चालू असलं की फाटा फुटणं अवघड.

म्हणून मी 'नवी प्रजाती वेगळी निघाली' असं लिहितो. पेपरात मात्र पोराला 'जातिउद्भव'च लिहू दे, पुस्तकात तोच आहे.