कपडे एकाचे, भिंती दुसऱ्याच्या

प्रश्न: 'फॉलन लीव्ह्ज' हा फिनलंडचा सिनेमा बघितला. स्टोरी साधीच, पण घर, कपडे, भिंतींचे रंग सगळं जुन्या काळातलं आणि रेडिओवर मात्र युक्रेनच्या बातम्या! हे सगळं एकच माणूस ठरवतो का? मुलगी फॅशन डिझाइन करतेय, तिला आता या लाइनचं वेड लागलंय, फिनलंडलाच जाते म्हणते. काय सांगू?

उत्तर: एक नाही हो, दोघं. २०२३ च्या या सिनेमाचे कपडे तीना काउकानेनचे आणि सेट विले ग्रोनरूसचा, आणि दोघांच्या डोक्यावर दिग्दर्शक आकी कौरिस्माकी, ज्याला कुठल्या भिंतीला कुठला रंग हे स्वतःच बघायचं असतं. जुना काळ म्हणाल तर ते मुद्दाम केलेलं आहे, भिंतीवरचं कॅलेंडर तर चक्क २०२४ चं लावलंय! आणि ते ताट आठवतंय का, नायिका आन्सा नायकाला जेवायला बोलावते आणि घरात एकच ताट म्हणून दुसरं विकत आणते? बाईचं एकटेपण एका ताटात दाखवलं, डायलॉगची गरजच नाही पडली. माझ्या मते सेट डिझायनरचं खरं काम हेच, बाकी महालबिहाल कोणीही उभा करेल, बजेट असलं की झालं.

करिअर कसं असतं म्हणाल तर मार्कू पॅतिला बघा. कौरिस्माकीचा जुना सेट डिझायनर, १९९६ च्या 'ड्रिफ्टिंग क्लाउड्स'पासून २०१७ च्या 'द अदर साइड ऑफ होप'पर्यंत, म्हणजे वीस वर्षांहून जास्त एकाच दिग्दर्शकाबरोबर. मधे १९९९ ला 'युहा' केला, तो ब्लॅक अँड व्हाइट आणि वर मूकपट, तिथे रंगांचा खेळच संपला, कारण लाल नि हिरवा पडद्यावर सारखेच करडे दिसू शकतात, मग उजेड-अंधारावरच सगळं. आणि २००२ चा 'द मॅन विदाउट अ पास्ट', ज्याला कानच्या फिल्म फेस्टिव्हलमधे ग्राँ प्री, म्हणजे दुसऱ्या नंबरचं बक्षीस मिळालं, त्यात स्मृती गेलेला हिरो हेलसिंकीच्या बंदराकडे एका शिपिंग कंटेनरमधे राहतो. लोखंडाचा डबा तो, पण हा माणूस तो झाडूनपुसून घेतो, ज्यूकबॉक्स (गाणी वाजवणारं मशीन) आणून ठेवतो, बाहेर बटाटे लावतो, आणि बघता बघता त्याचं घर होतं. सॅल्व्हेशन आर्मी या गरिबांना मदत करणाऱ्या ख्रिस्ती संस्थेने दिलेले कपडे अंगावर चढले की चालणंसुद्धा बदलतं, तिथे कपडे आणि सेट वेगळे काढताच येत नाहीत.

काउकानेनचं 'अदर साइड'मधलं काम मुलीला नक्की दाखवा, धंदा चालेना म्हणून हॉटेलवाला एका रात्रीत सुशी विकायला काढतो आणि बिचाऱ्या स्टाफला जपानी पोशाख चढवतो. कपड्यांवर हसू येतं, त्या माणसांवर नाही, हे जमायला फार अवघड आहे.

आता शिकण्याचं. हेलसिंकीच्या शेजारी एस्पोमधे आल्टो युनिव्हर्सिटी आहे, तीन जुन्या संस्था एकत्र करून २०१० ला झालेली, त्यातली एक आर्ट-डिझाइनची, तिथे सिनेमाही शिकवतात. पण २०१७ पासून युरोपियन युनियनबाहेरच्या मुलांना इंग्रजीतल्या डिग्री कोर्सना फी पडते, शिवाय सेटवर सगळे फिनिश बोलणार. देश साधारण पंचावन्न-छप्पन्न लाखांचा, म्हणजे सिनेमे मोजकेच, त्यामुळे नाटक, टीव्ही, जे येईल ते करायची तयारी हवी. आधी तिला इथेच एखाद्या नाटकाच्या किंवा सिरियलच्या कॉस्च्युम डिपार्टमेंटला महिनाभर राबू दे, तरीही वेड टिकलं तर मग फॉर्म भरा.