उर्दू गझलेतलं आणि सूफी काव्यातलं हृदय इतकं बंडखोर का असतं?

हे हृदय नेमकं कोणाविरुद्ध बंड करतं, समाजाविरुद्ध की धर्माविरुद्ध, असं तुम्ही विचारलंय. माझ्या मते सगळ्यात आधी ते आपल्या मालकाविरुद्धच, म्हणजे ज्याच्या छातीत ते धडधडतं त्याच्याविरुद्धच, उठतं. उर्दू कवी मीर तकी मीरचा शेर बघा:

उल्टी हो गईं सब तदबीरें, कुछ न दवा ने काम किया
देखा इस बीमारी-ए-दिल ने आख़िर काम तमाम किया

सगळे उपाय उलटले, औषधाचा गुण आला नाही, हृदयाच्या दुखण्याने शेवटी जीव घेतलाच. हरल्याची कबुली आहे ही, पण पश्चात्ताप शोधूनही सापडत नाही. याच गझलेच्या मक्त्यात, म्हणजे शेवटच्या शेरात, तो म्हणतो, माझा धर्म काय विचारता, मी तर टिळा लावून देवळात बसलोय, इस्लाम कधीच सोडला. मीरने प्रत्यक्षात धर्म बदलला नव्हता. शेख, वाइज, नासेह ही गझलेतली ठरलेली उपदेशक मंडळी. हे सगळं त्यांना ऐकवण्यासाठी. या धिटाईमागे सूफी मन्सूर हल्लाज उभा आहे. 922 साली बगदादमध्ये त्याला देहदंड झाला आणि 'अनल हक' (मीच सत्य) म्हणत सुळावर जाणारा आशिक कवितेत कायमचा आला.

पण मला सगळ्यात जवळचा वाटतो तो आपल्या औरंगाबादचा कवी सिराज (1715–1763). कोवळ्या वयातच त्याला वेड लागल्यासारखं झालं. कपड्यांचंही भान नसलेला हा मुलगा खुलदाबादला सूफी संत बुऱ्हानुद्दीन गरीब यांच्या दर्ग्याभोवती भटकत असे. त्याच्या सर्वांत गाजलेल्या गझलेत हा शेर येतो:

चली सम्त-ए-ग़ैब सीं क्या हवा कि चमन ज़ुहूर का जल गया
मगर एक शाख़-ए-निहाल-ए-ग़म जिसे दिल कहो सो हरी रही

अदृश्यातून असा वारा सुटला की दिसणाऱ्या जगाची सगळी बाग जळाली. दुःखाच्या रोपाची एक फांदी, जिला हृदय म्हणा, तेवढी हिरवी राहिली. मीरच्या बंडाला निदान शेख तरी समोर लागतो. इथे भांडायला कुणी उरलेलंच नाही. त्याच गझलेत शहाणपणही जातं आणि वेडही, 'तू' जातो आणि 'मी'ही.

आणि म्हणूनच हे हृदय कुणाचंच ऐकत नाही, असं मात्र समजू नका. अक्कल, अब्रू, उपदेशक यांना ते जुमानत नाही, कारण त्याने आपला धनी आधीच निवडलेला असतो. पीराने, म्हणजे त्याच्या सूफी गुरूने, सांगितलं आणि सिराजने ऐन तारुण्यात कविता लिहिणं सोडून दिलं.