माइकची शिट्टी आणि वॉटचा हिशेब

चवथ, म्हणजे गोव्यातली गणेश चतुर्थी, जवळ आली की आमच्याकडच्या पत्रांत स्पीकर घुसतो. यंदाची बहुतेक पत्रे करोकेच्या, म्हणजे माइकसकट येणाऱ्या पार्टी स्पीकरविषयी आहेत. सारखे प्रश्न एकत्र करून उत्तरे देत आहोत.

प्रश्न : चवथीला घरी २५-३० माणसे जमतात. आरत्या झाल्या की अंगणात गाणी होतात. बजेट ८ ते १० हजार. दुकानात एका स्पीकरवर ‘१००० वॉट’ लिहिलेय, दुसऱ्यावर ‘६० वॉट’. किंमत जवळपास तीच. कुठला घ्यावा? (फोंडा)

६० वॉटचा, पण आकड्यापुढे ‘आरएमएस’ छापलेले असेल तरच. आरएमएस म्हणजे स्पीकर सलग देऊ शकतो ती ताकद. १००० हा आकडा बहुधा ‘पीएमपीओ’ असतो. तो क्षणभराच्या झटक्याचा, आणि मोजायची पद्धत ठरलेली नसल्याने वाटेल तेवढा छापता येतो. संशय आला तर चार्जर उलटा करून वाचा. १५ व्होल्ट, २ अँपियर लिहिले असेल तर आत जातात ३० वॉट. मध्ये बॅटरी असल्याने थोडा वेळ त्याहून जास्त बाहेर पडू शकतात, पण ३० वॉट पिणारा खोका रात्रभर हजार वॉट देणार नाही.

तसेही वॉटच्या फार मागे लागू नका. ताकद दुप्पट केली तर आवाज वाढतो फक्त ३ डेसिबलने. कानाला दुप्पट वाटायला साधारण दहापट वॉट लागतात. तुमच्या अंगणाला ८ इंची वूफर (जाड आवाजाचा), वेगळा ट्वीटर (बारीक आवाजाचा) आणि ४० ते ६० वॉट आरएमएस पुरेसे आहेत. दुकानाच्या चार भिंतींत दणदणणारा ४ इंची नळकांड्या स्पीकर उघड्यावर आणला की त्याचा बास, म्हणजे जाड आवाज, कुठे जातो ते कळतही नाही.

खरी पारख माइकच्या बाजूची. दुकानात माइक हातात घेतल्याशिवाय पैसे देऊ नका. आपल्या मोबाइलवरचे, तबला-ढोलकी ठसठशीत असलेले एक गाणे अर्ध्या आवाजात लावा, माइक तोंडापासून ४-५ सेंटिमीटरवर धरा आणि नेहमीच्या आवाजात दोन ओळी म्हणा. शब्द गाण्याच्या वर स्पष्ट यायला हवेत. मग गाण्याचा आवाज कमी करा. त्याबरोबर माइकही खाली गेला तर दोघांचा नॉब एकच आहे. असा स्पीकर घेऊ नका. इको पूर्ण शून्यावर येतो का, तेही बघा. आरतीच्या वेळी, किंवा कोणी चार शब्द बोलायला उभा राहिला तर, इको नकोच असतो.

काही स्पीकरांत ‘माइक प्रायॉरिटी’ असते : माइकमध्ये आवाज आला की गाणे आपोआप दबते. सूचना द्यायला छान, गायला वैताग, कारण प्रत्येक ओळीला साथ बुडते. ती बंद करता येते का ते विचारा. काही स्पीकर ब्लूटूथवर गाणे नसेल तर थोड्या वेळाने स्वतःच बंद होतात. नुसत्या माइकवर आरत्या म्हणणाऱ्यांना हे मध्येच गाठते.

सोबत येणाऱ्या वायरलेस माइकांची फ्रिक्वेन्सी स्वस्त मॉडेलांत ठरलेली असते, बदलता येत नाही. शेजाऱ्यांनी तेच मॉडेल घेतले तर त्यांचे गाणे तुमच्या स्पीकरातून येऊ शकते. आमचे मत असे की स्पीकर ७-८ हजारांत बसवावा आणि उरलेल्यात वायरचा एक बरा डायनॅमिक (वेगळी वीज न लागणारा) माइक घ्यावा. त्यासाठी स्पीकरला ६.३५ मिलिमीटरच्या जाड पिनेचे छिद्र हवे. नाटकवाल्या साउंडवाल्याकडून मागून आणलेला कंडेन्सर माइक मात्र इथे चालणार नाही. त्याला ४८ व्होल्ट लागतात आणि या छिद्रातून ते मिळत नाहीत.

प्रश्न : आवाज जरा वाढवला की माइक शिट्टी मारतो. स्पीकर बाल्कांवात (दारापुढच्या छपराच्या ओसरीत) ठेवतो, गाणाराही तिथेच बसतो. स्पीकरच खराब आहे का? (डिचोली)

स्पीकर ठीक असावा, जागा चुकली आहे. स्पीकरचा आवाज माइकमध्ये शिरतो, मोठा होऊन पुन्हा स्पीकरातून येतो, पुन्हा माइकमध्ये जातो. ते चक्र सुरू झाले की शिट्टी. बाल्कांवात भिंत, सोपे (बसायचे ओटे) आणि छप्पर सगळेच कडक, त्यामुळे आवाज परतून गाणाऱ्याच्या तोंडावरच येतो.

स्पीकर बाहेर काढून पायरीपुढे अंगणात ठेवा, तोंड माणसांकडे. गाणाऱ्याने त्याच्या मागे, निदान २ मीटरवर उभे राहायचे. स्पीकर कोपऱ्यात खुपसू नका. कोपऱ्यात बास फुगतो आणि शब्द गिळले जातात. माटोळीखालीही, म्हणजे गणपतीवर फळे-पाने बांधतात त्या चौकटीखालीही, नको. एक तर देवाच्या खोलीत स्पीकर आणि माइक समोरासमोर येतात, आणि वर बांधलेले तोरिंजन (पपनस) कधी खाली येईल याचा नेम नसतो.

मग माइक धरायची सवय. ५ सेंटिमीटरवरचा माइक १० वर नेला की आवाज ६ डेसिबलने पडतो, २० वर नेला की १२ ने. तेवढे भरून काढायला कोणी तरी नॉब फिरवतो आणि शिट्टी येते. लहान मुलांना माइक आइस्क्रीमसारखा तोंडाजवळ धरायला सांगितले की लगेच कळते. जाळी मुठीत आवळू नका. पाठीमागून येणारा आवाज अडवायची करामत त्या जाळीखालच्या फटींत असते; त्या झाकल्या की माइक सगळीकडचे ऐकू लागतो. हातातला सोडून बाकीचे माइक बंद ठेवा. उघड्या माइकांची संख्या दुप्पट झाली की शिट्टी ३ डेसिबल आधी येते.

पातळी लावायचा क्रम उलटा नको. आधी गाणे बंद, इको शून्य. माइकचा नॉब हळूहळू चढवा. किणकिण ऐकू आली की थांबा आणि थोडा मागे घ्या. तुमची वरची हद्द ती. आता इको चवीपुरता, मिठाएवढा. इको वाढवल्यावर पुन्हा किणकिण आली तर माइक आणखी थोडा खाली. शेवटी गाणे, गाणाऱ्याच्या आवाजाच्या खाली बसेल एवढेच.

शिट्टीऐवजी सतत ‘घूं’ येत असेल तर चार्जर काढून बॅटरीवर लावून बघा. घूं गेली तर दोष चार्जरचा किंवा घरच्या अर्थिंगचा.

प्रश्न : जुन्या मराठी गाण्यांवर ‘व्होकल रिमूव्हर’ (गायकाचा आवाज काढणारे बटण) दाबला की सगळेच गाणे गायब होते. नव्या गाण्यांवर चालते. (म्हापसा)

हे बटण डाव्या आणि उजव्या बाजूच्या आवाजातून समान भाग वजा करते. स्टीरिओ गाण्यात गायक सहसा बरोबर मध्ये असतो, म्हणून तो जातो; बास आणि ढोलही मध्येच असल्याने त्यांचेही बरेचसे जाते. जुन्या गाण्यांचे ध्वनिमुद्रण मोनो, दोन्ही बाजू तंतोतंत सारख्या. वजा केल्यावर उरणार काय! अशा गाण्यांचे तयार करोके ट्रॅक शोधा. ते आपल्या पट्टीत नसतील तर पट्टी वरखाली करणारे मोबाइल अॅप वापरा आणि अर्धा-अर्धा सूर सरकवून बघा.

प्रश्न : मोबाइलला माइक लावून करोके अॅपवर गातो, आवाज ब्लूटूथ स्पीकरवर. माझाच आवाज मागून येतो आणि ताल सुटतो. (मडगाव)

ब्लूटूथला आवाज पोचवायला वेळ लागतो. साध्या जोडणीत तो सेकंदाच्या पाचव्या भागाएवढा असू शकतो आणि द्रुत लयीत तेवढ्यात एक मात्रा निघून जाते. माइक थेट स्पीकरला लावा, मोबाइलवरून फक्त साथ येऊ द्या. मग साथ उशिरा आली तरी गाणारा तिच्याबरोबरच गातो. टीव्हीवर ओळी पुढे आणि साथ मागे असे होत असेल तर टीव्ही ते स्पीकर बारीक पिनेची ऑक्स वायर टाका. १०० रुपयांची ती वायर कुठल्याही ‘लो लेटन्सी’ (कमी उशीर) लेबलापेक्षा भरवशाची.

प्रश्न : घरच्याच अंगणात असला तरी रात्री १० नंतर स्पीकर बंद करावा लागतो का? (पणजी)

हो. ध्वनिप्रदूषणाच्या २००० सालच्या नियमांनुसार रात्री १० ते सकाळी ६ उघड्यावर लाउडस्पीकर चालत नाही. वस्तीत दिवसाची मर्यादा ५५ डेसिबल, रात्रीची ४५. खासगी जागेतल्या संगीताने आपल्या हद्दीवर त्यापेक्षा ५ हून जास्त भर घालू नये. इस्पितळ, शाळा, न्यायालय यांच्याभोवतीचा किमान १०० मीटरचा परिसर सरकार शांतता क्षेत्र म्हणून जाहीर करू शकते. सणांसाठी वर्षातून जास्तीत जास्त १५ दिवस मध्यरात्रीपर्यंत सूट देता येते, पण ते दिवस सरकार जाहीर करते, आपण नव्हे.

प्रश्न : गेल्या चवथीला घेतलेला स्पीकर पावसाळाभर कपाटात होता. आता अर्ध्या तासात बंद पडतो. ८ तास चालेल असे खोक्यावर लिहिले होते. (काणकोण)

ते ८ तास मध्यम आवाजाचे, बहुतेक वेळा दिवे बंद ठेवून. पण अर्धा तास म्हणजे बॅटरी बसली. आतली बॅटरी कुठली ते लेबलवर वाचा. मोठ्या, जड स्पीकरांत अनेकदा १२ व्होल्टची लेड-ॲसिड असते. ती उतरलेली तशीच ठेवली की आतल्या पट्ट्यांवर सल्फेटचा थर धरतो आणि क्षमता परत येत नाही. वापरल्यावर त्याच रात्री पूर्ण चार्ज करायची, आणि पडून असेल तर दर महिन्याला एकदा. ४.५ किंवा ७ अँपियर-तासांची असेल तर नवी मिळणे सोपे आहे. ७ वाली घरच्या यूपीएसमध्ये असते तीच. बसवताना लाल-काळी वायर उलटी लागू देऊ नका, सर्किट जळते.

लिथियम असेल तर ती अर्धी भरलेली ठेवलेली बरी आणि बदलायचे काम मेकॅनिकचे. नवा स्पीकर घेताना बॅटरीची ताकद मोजायची तर व्होल्टला अँपियर-तासांनी गुणा : ७.४ व्होल्ट, ४००० एमएएच (४ अँपियर-तास) म्हणजे जेमतेम ३० वॉट-तास. १२ व्होल्ट, ४.५ अँपियर-तास म्हणजे ५४.

कपाटात ठेवताना ओल शोषणाऱ्या सिलिका जेलच्या दोन पुड्या आत टाका आणि माइकमधले सेल काढून ठेवा. काणकोणच्या खाऱ्या हवेत सेल गळून स्प्रिंग हिरवी व्हायला एक पावसाळा पुरतो. झालीच असेल तर व्हिनेगरचा कापसाचा बोळा फिरवा, कोरडे पुसा आणि पूर्ण सुकल्यावरच नवे सेल घाला.